ओढ्यात थांबलेली गोष्ट

त्या साली आमच्या घरात सगळेच बर्फाची वाट पाहत होते. माँटानात राहणाऱ्याने बर्फाची वाट पाहावी म्हणजे नागपूरकराने मे महिन्यात उन्हाची चौकशी करावी तशातला प्रकार. तिथला बर्फ न बोलावता येतो, मुक्काम ठोकतो आणि एप्रिल संपला तरी पाय काढत नाही. पण त्या वर्षी नोव्हेंबरअखेरची थँक्सगिव्हिंगची सुट्टी संपली तरी टेकड्या पिवळ्या, कोरड्या ठणठणीत उभ्या होत्या. सकाळी आई पडदा सरकवून बाहेर बघायची आणि चहाचं आधण ठेवायची. बाबा दवाखान्यात निघताना अंगणात थांबून आकाशाकडे बघायचे. मी सोळा वर्षांची. शाळा बुडण्यापलीकडे बर्फाशी माझं काही देणंघेणं असायचं कारण नव्हतं, पण मीही रेडिओवरचं हवामान कान देऊन ऐकायचे. बाबांचे पेशंट असलेल्या क्लिफर्ड आजोबांची फुप्फुसं संपत आली होती. त्यांना एक गोष्ट सांगायची राहिली होती, आणि जमिनीवर बर्फ टिकल्याशिवाय ते ती सांगणार नव्हते.

बाबा मूळचे चंद्रपूरचे. ते शेवटपर्यंत चांदाच म्हणत. कोळशाच्या खाणीच्या वस्तीत वाढले, नागपूरला डॉक्टर झाले, शिकागोत पुढचं शिकले आणि मग जिथे दुसरा डॉक्टर जायला तयार नव्हता तिथे आम्हाला घेऊन गेले. ती जागा म्हणजे शायेन लोकांचं रिझर्वेशन. शायेन ही तिथली मूळची जमात. एके काळी तो सगळा गवताळ मुलूख त्यांचा होता. रिझर्वेशन म्हणजे त्यांच्यासाठी राखून ठेवलेला तुकडा असं सरकार म्हणे. आम्ही तो मरमरून परत मिळवला, असं शायेन म्हणत. दवाखान्यामागे डॉक्टरांसाठी लाकडी घरं होती, त्यातलं शेवटचं आमचं. कपाटावर बुद्धाची मूर्ती, तिच्यापुढे आईने लावलेली मेणबत्ती आणि खिडकीबाहेर नजर पोचेल तिथवर गवत. शिकागोचा मामा डेव्हन ॲव्हेन्यूवरच्या देशी दुकानांतून मसाल्यांचं खोकं पाठवायचा. पोस्टातली बाई फोन करायची, “डॉक्टर, तुमचं पार्सल आलंय, लवकर घेऊन जा, वासाने इथे कुणाला काम सुचत नाहीये.”

क्लिफर्ड आजोबांशी आमचं जमलं ते चान्यांमुळे. बाबा पहिल्यांदा त्यांची छाती तपासायला घरी गेले, मी बॅग धरायला सोबत. स्वयंपाकघरात आडव्या दोरीवर मांसाच्या पातळ पट्ट्या वाळत घातलेल्या. बाबा दारातच थबकले आणि म्हणाले, “चान्या!” हा शब्द मी त्यांच्या तोंडून कधी ऐकला नव्हता. माझी आजी, म्हणजे बाबांची आई, वस्तीत अशाच पट्ट्या उन्हात वाळवायची. पुढे नागपूरला चार लोकांत बसू-उठू लागल्यावर तो शब्द बाबांनी गिळून टाकला होता. आजोबांनी विचारलं, काय म्हणालास? बाबांनी सांगितलं. आजोबांनी एक पट्टी तोडून त्यांच्या हातात दिली. “तुझा बाप गळ्यात स्टेथोस्कोप घालून चान्या चावत होता आणि रडत होता, आणि म्हणे माझी छाती तपासतोय,” असं आजोबा मला नंतर चिडवत. मग आईने त्यांच्याच चान्यांचं लाल तिखट घालून कालवण करून पाठवलं. आजोबांच्या नाकाडोळ्यांतून पाणी आलं, आणि भांडं परत आलं ते चोकचेरी नावाच्या रानफळाचा घट्ट, आंबटगोड रस भरून. आई म्हणाली, “माणूस आपल्यातला आहे.” आईचं असंच होतं, ताट बघून ती नातं ठरवायची.

आजोबांना लोक शाळेतले भाषेचे शिक्षक म्हणून ओळखत, पण त्यांची खरी शाळा पिकअपच्या मागच्या हौद्यात भरायची. पोरं भरून ते रानात घेऊन जात आणि एखाद्या टेकडीपाशी गाडी बंद करत. “हिचं नाव सांगा. नाव येईपर्यंत गाडी सुरू व्हायची नाही.” मीही त्या हौद्यात थंडीने काकडत शब्द पाठ केलेत. शायेनमध्ये कितीतरी शब्दांची शेपटी नुसत्या श्वासात सोडून देतात, आवाज न करता. ते मला कधी जमलं नाही. घरात खोकीच्या खोकी कॅसेटी होत्या. गाणी, औषधी मुळ्या, कोण कुणाचा कोण, कुठल्या झऱ्याचं पाणी गोड आणि कुठलं प्यायलं की पोट बिघडतं, सगळं त्यांनी म्हाताऱ्याकोताऱ्यांच्या पुढ्यात टेपरेकॉर्डर ठेवून जमवलेलं. म्युझियमची माणसं आली की ते आधी त्यांच्या फलकांवरच्या चुका दुरुस्त करून घेत, मग कॉफी देत. मात्र हिवाळ्याच्या गोष्टी त्या खोक्यांत नव्हत्या. त्या यंत्रापुढे सांगायच्याच नसतात, असं त्यांच्या घराण्यात होतं. जमिनीवर बर्फ पाहिजे, बाहेर अंधार पाहिजे, दार लावलेलं पाहिजे. मोठी गोष्ट चार संध्याकाळी सांगायची. ऐकणाऱ्याने हलायचं नाही, उठायचं नाही, तोंडातून आवाज काढायचा नाही. आवाज झाला तर त्या संध्याकाळची गोष्ट तिथेच बंद, पुढचं दुसऱ्या दिवशी अंधार पडल्यावर. भलत्या वेळी जो सांगेल त्याच्या पाठीला पोक येतं. दुसऱ्या घरांचे नियम दुसरे असतील, मला माहीत नाही. त्यांचे असे होते.

राहिलेली गोष्ट त्यांच्या आजीची होती. ती लहान मुलगी असताना सरकारने त्यांच्या लोकांना दूर दक्षिणेला नेऊन टाकलं होतं. तिथे माणसं तापाने आणि उपासाने मरू लागली, तेव्हा उरलेले उठून घराकडे चालू लागले. मागे सैनिक, पुढे हिवाळा. तिच्या आईच्या पाठीवर तान्हं बाळ होतं. मुलगी घरी पोचली, म्हातारी झाली, तिने नातवाला गोष्ट सांगितली. बाळ पोचलं नाही. ते कुठे ठेवावं लागलं, ती जागा गोष्टीच्या तिसऱ्या संध्याकाळी अगदी शेवटी येते, आणि ती संध्याकाळ आता एकट्या क्लिफर्ड आजोबांना येत होती. गोष्ट मी इथे सांगणार नाही. ती माझी नाही. लिहितेय तेवढं डोनाला विचारून लिहितेय, आणि डिसेंबर लागल्यावर बसलेय लिहायला. उगाच कशाला विषाची परीक्षा.

डोना आजोबांची नात, त्यांनीच वाढवलेली. माझ्याहून चार वर्षांनी मोठी, उंच, कमी बोलणारी, आणि बोलली की तोडून बोलणारी. आजोबांना ऑक्सिजन लागला तसं कॉलेज सोडून ती घरी आली होती. मला म्हणाली होती, “सगळे घरी आले, ते एकटं बाहेर राहिलंय. मला तिथे जायचंय. जाऊन त्याला सांगायचंय की चल.” हे ती अशा सुरात म्हणाली की जणू कुणाला बसस्टॉपवरून आणायचं राहून गेलंय. मला त्या रात्री झोप आली नाही.

ऑक्टोबरात बाबा नवा एक्स-रे घेऊन त्यांच्याकडे गेले. आजोबा टेबलापाशी बसलेले, नाकात नळी, पायाशी मशीन घुं घुं करत होतं. बाबांनी एक्स-रे पाकिटातून बाहेर काढलाच नाही.

“डॉक्टर, सरळ सांग. आधी बर्फ की आधी मी?”

बाबा चष्मा पुसत बसले. “बर्फ लवकर पडला तर बर्फ.”

डोना ओट्यापाशी उभी होती. ती म्हणाली, “ग्रँडपा, प्लीज. आत्ता सांगा. मी दार लावते, खिडक्यांना ब्लँकेट लावते. कुणाला कळणार आहे?”

“मला कळेल,” आजोबा म्हणाले.

“मग निदान जागा तरी सांगा,” बाबा म्हणाले. “बाकी गोष्ट राहू द्या. मी नकाशा आणतो, तुम्ही फक्त बोट ठेवा.”

“मला नकाशा येत नाही, गोष्ट येते. पहिल्या दिवसापासून आजीबरोबर चालत निघालो की शेवटी ती जागा येते. मधेच उतरलो तर मी स्वतःच हरवेन.” मग ते खोकले, बराच वेळ, आणि खोकला थांबल्यावर आईने पाठवलेल्या डब्याचं झाकण उघडून बघू लागले.

घरी आल्यावर आईने बाबांना फैलावर घेतलं. “नियम नियम काय करून राहिले ते? माणूस चालला ना इकडे! तुमच्या आईनं इतकं सांगितलं, त्यातलं आज किती आठवते तुम्हाला? ते गेलं ना सगळं?” बाबा म्हणाले, “म्हणूनच तर. आपण काही सांभाळलं नाही, आणि जो सांभाळून राहिला त्याला मी शिकवू?” आईने पुढची पोळी लाटायला घेतली. मला त्या वेळी आईचंच पटलं होतं. आजही अर्धं पटतं.

तो सगळा उन्हाळा कोरडा गेला होता आणि शरद धुराने भरलेला. कुठे ना कुठे गवत पेटायचं, सूर्य तांब्याच्या पैशासारखा दिसायचा आणि दोरीवरचे कपडे घालण्याआधीच धुरकट वास मारायचे. त्यात आमच्या मागच्या डोंगरात कोळसा जळत होता. तिकडे जमिनीच्या पोटात कोळशाचे थर आहेत. एखादा वणवा एकदा आत शिरला की वर्षानुवर्षं धुमसत राहतो. भेगांतून धूर निघायचा, तिन्हीसांजेला आतून लालसर दिसायचं आणि पायाखालची माती कोमट लागायची. बाबा म्हणायचे, आमच्या चांद्याकडे अस्संच. त्यांना त्यात माहेर दिसायचं, मला भीती वाटायची. नोव्हेंबरात आजोबांच्या अंगणातल्या विजेच्या खांबावर घुबड येऊन बसू लागलं. डोना त्याच्याकडे पाठ करून दारातून आत जायची. त्यांच्यात ते चांगलं मानत नाहीत. गंमत अशी की आमच्यातही नाही. बुद्धावर श्रद्धा ठेवणारी, नवसासायासाला हसणारी माझी आई गाडीतून उतरताना त्याला हाताने हाड् हाड् करायची. ते हलायचं नाही. आजोबा आता एक वाक्य दोनदा श्वास घेऊन बोलत. रोज संध्याकाळी त्यांचा एकच प्रश्न असायचा, “बाहेर काय आहे?” आणि डोनाचं एकच उत्तर, “वारा.”

डिसेंबर बराच पुढे गेला आणि एका सकाळी मला शांततेने जाग आली. बर्फ पडला की आवाज मरतात, हे तिकडे राहिल्याशिवाय कळत नाही. कुत्री गप्प, रस्ता गप्प. आईने पडदा सरकवला आणि चक्क टाळी वाजवली. तेवढ्यात डोनाचा पिकअप दारात येऊन हॉर्न वाजवू लागला. ती उतरलीसुद्धा नाही, काच खाली करून ओरडली, “टिकलाय! जमिनीवर टिकलाय! आज अंधार पडायच्या आत या!”

आम्ही तिघं का, तर मशीनसाठी बाबा हवेच होते, आणि ऐकणारे चार असावेत असं आजोबांचं म्हणणं. आईला म्हणाले, तू जेवायला वाढणारी आहेस, तुझा बसायचा हक्क आहे. मला म्हणाले, तुझे कान नवे आहेत. साडेचारलाच काळोख झाला. डोनाने दाराला कडी घातली. आजोबांनी वाकून जमिनीला हात लावला, तो स्वतःच्या अंगावरून फिरवला आणि ऑक्सिजनच्या मशीनकडे बघून म्हणाले, “तू बोललंस तरी चालेल. तुला गोष्ट कळत नाही.” आम्ही हसलो. ते शेवटचं हसणं. गोष्ट इंग्रजीतच होती, पण नावं, हाका आणि माणसांचं ओरडणं शायेनमध्ये. पहिल्या संध्याकाळी ते थांबले तेव्हा माझे दोन्ही पाय बधिर झाले होते. दुसऱ्या संध्याकाळी आईच्या डोळ्यांतून पाणी वाहत होतं आणि ती ते पुसत नव्हती, कारण पुसणं म्हणजे हलणं. आजोबांचा आवाज सुधारला होता. खरंच सांगते, खोकला नव्हता. बाबा गाडीत म्हणाले, “मेडिकली मला हे एक्सप्लेन करता येत नाही,” आणि त्यांच्या आवाजात आनंद नव्हता, धास्ती होती. विझताना दिवा मोठा होतो हे डॉक्टरला कुणी सांगावं लागत नाही.

तिसऱ्या संध्याकाळी वादळ आलं. वाऱ्याने घराच्या भिंती करकरत होत्या, दिवा दोनदा मिणमिणला. बाबांनी भरलेला सिलिंडर मांडीला टेकवून ठेवला होता, वीज गेली तर मशीन बंद पडेल म्हणून. गोष्ट आता एका ओढ्यात आली होती. ओढा गोठलेला, काठ माणसापेक्षा उंच, आणि त्या काठाच्या पोटाशी बायका-मुलं अंग चोरून बसलेली. वर काठावर घोडे. घोड्यांच्या नाकातली वाफ खालून दिसतेय. एका सैनिकाच्या बुटाखालची माती सुटून मुलीच्या केसांत पडते. आजोबांचा आवाज इतका खाली गेला की शब्दांपेक्षा श्वासच जास्त ऐकू यायचा. पाठीवरचं बाळ जागं होतंय. आई त्याला पुढे घेते. मुलगी बघतेय. आई बाळाच्या तोंडावर हात ठेवते. वरचा सैनिक वाकून ऐकतोय. आजोबा थांबले. एक श्वास घेतला. आणि त्या थांबण्यात बाबा म्हणाले, “हं.”

मराठी वाचकाला मी काय समजावणार? आपल्याकडे गोष्ट ऐकणाऱ्याने हुंकार द्यायचा असतो. हुंकार नसेल तर सांगणारा थांबतो, “झोपला का रे?” विचारतो. खाणीच्या वस्तीत, एका खाटेवर चार पोरं घेऊन माझी आजी गोष्ट सांगायची. ज्याचा हुंकार बंद पडला तो झोपला असं धरायचं, आणि सगळे बंद पडले की गोष्ट उद्यावर. बाबा थोरले. सगळ्यांत शेवटपर्यंत जागे राहून तेच हुंकार देत, गोष्ट थांबू नये म्हणून. दोन संध्याकाळी त्यांनी दात आवळून तोंड बंद ठेवलं होतं. तिसऱ्या दिवशी ते डॉक्टर राहिले नाहीत, त्या खाटेवर जाऊन बसले. म्हाताऱ्या माणसाचा श्वास अडकला, आणि चांद्याच्या पोराने त्याला हात दिला. पुढे? पुढे काय झालं?

कुणी ओरडलं नाही. डोनाने डोळे मिटून घेतले. बाबांचा चेहरा मी तसा त्याआधी किंवा नंतर कधी पाहिला नाही. आपण काय केलं हे त्यांना एका क्षणात कळलं होतं. आजोबांनी हळूच हात पुढे केला आणि डोनाने कडी काढली.

“ते काय म्हणालास?” आजोबांनी विचारलं. रागाने नाही, टेकडीचं नाव विचारावं तसं.

बाबांनी तुटक तुटक सांगितलं. आजी, खाट, हुंकार. आजोबा मान हलवत ऐकत होते. “म्हणजे तुमच्यात माणूस जागा आहे हे आवाजाने कळवतात,” ते म्हणाले. “चांगली पद्धत आहे. आमच्या लोकांना त्या ओढ्यात परवडली नसती.”

“माफ करा मला. प्लीज, पुढे सांगा. माझ्या चुकीची शिक्षा डोनाला कशाला?”

“उद्या. अंधार पडल्यावर. आजचं बंद झालं.”

बाबांनी त्यांच्या छातीला स्टेथोस्कोप लावला, बराच वेळ ऐकलं, आणि आईला मराठीत म्हणाले, “तू हिला घेऊन घरी जा. मी इथंच थांबतो.”

दुसऱ्या दिवशी वादळ सरलं आणि डोळे दुखतील असं ऊन पडलं. तसलं ऊन मी तिथे क्वचितच पाहिलंय. बर्फावरून उलटं उसळून ते घराच्या छतापर्यंत चढत होतं. दुपारी आई डबा घेऊन निघाली तशी मीही गेले. आजोबा खाटेवर उशांना टेकून, ओठ निळसर. डोना त्यांचा हात धरून खाली बसलेली. ती त्यांच्या तोंडाकडे बघत होती, पण विचारत नव्हती. तिने एकदाही का विचारलं नाही, हे मला तेव्हा समजलं नाही, आजही पूर्ण समजत नाही. विचारलं बाबांनी. माझे बाबा, ज्यांनी कधी कुणापुढे गुडघे टेकले नाहीत, ते जमिनीवर बसून म्हणाले, “मिस्टर क्लिफर्ड, चार तास काढणं कठीण आहे. मी डॉक्टर म्हणून सांगतो. जागा सांगा. फक्त जागा.”

आजोबांनी खिडकीकडे मान वळवली. “अजून उजेड आहे, डॉक्टर.”

आई उठली आणि तिने खिडकीवर आपली शाल धरली. दोन्ही हात वर करून, वेड्यासारखी. आजोबा तिच्याकडे बघून हसले, आणि तिने शाल हळूहळू खाली घेतली. मग आम्ही पाचजण त्या उजेडाकडे बघत बसलो. तो भिंतीवरून सरकत होता, पण किती सावकाश! देवाधर्माचं मला फारसं नाही, पण त्या दुपारी मी सूर्याला मनातल्या मनात शिव्या घातल्या, मावळ रे मुडद्या, मावळ. तो टेकडीला टेकायच्या आधीच मशीनचा आवाज तसाच चालू राहिला आणि आजोबांचा श्वास थांबला. डोनाने नळी काढली. बाबांनी मशीन बंद केलं, आणि मग खोलीत जो काही उरला तो बाबांच्या श्वासाचा आवाज.

मला बाबांचा राग आला, हे सांगून टाकते. कितीतरी महिने मी त्यांच्याशी नीट बोलले नाही. माणसाला एवढं साधं तोंड बंद ठेवता येऊ नये? आई म्हणायची, “अगं, त्यांना त्यांच्या मायनं लावलेलं वळण, ते काय जाते का?” डोनाने मात्र कधी एक शब्द काढला नाही. दफनाच्या दिवशी तिने बाबांना घरच्या माणसांबरोबर उभं केलं आणि जेवायला आधी त्यांना वाढलं. तेच त्यांना सोसलं नाही. पुढची कितीतरी वर्षं आमच्या सुट्ट्या दक्षिणेकडे गाडी हाकण्यात गेल्या. नकाशा मांडीवर घेऊन बाबा प्रत्येक ओढ्यापाशी उतरायचे, काठाची उंची बघायचे आणि परत यायचे. एका वर्षी डोनाही आली. ती गाडीतून उतरली नाही. “ओढे खूप आहेत, डॉक्टर,” एवढंच म्हणाली. आणि बाबांचा हुंकार कायमचा गेला. मी लग्न करून दूर प्लेनो शहरात आल्यावर फोनवर घरचं, मुलांचं काहीबाही सांगत असायचे आणि पलीकडे इतकी शांतता असायची की मला विचारावं लागे, “बाबा, आहात ना?” ते म्हणायचे, “ऐकतोय. तू बोल.” असेच एक दिवस तेही गेले. त्यालाही आता बराच काळ लोटला.

मागच्या हिवाळ्यात डोनाचा फोन आला. ती आता आजोबांच्या वयाला टेकलीय. शाळेत भाषा शिकवते, आजोबांच्या कॅसेटी तिने कॉम्प्युटरवर चढवल्यात, आणि पोरांना गाडीत भरून टेकड्यांची नावं विचारते. फक्त आता गाडीला हीटर आहे आणि पोरं फोनमध्ये बघून उत्तर शोधतात, म्हणून ती आधी फोन काढून घेते. म्हणाली, “बर्फ टिकलाय. या वर्षी मी सांगणार आहे. तू ये.” गुडघे दुखतात, फ्लाइट महाग, नवरा म्हणाला या वयात कसली थंडीत तडफड. मी गेले.

तेच घर. जमिनीवर तिची नातवंडं, भाचरं बसलेली, मी एका खुर्चीत. डोनाने वाकून जमिनीला हात लावला. दोन संध्याकाळी मी तिच्या आवाजात आजोबांचा एकेक शब्द ओळखत राहिले. कुठे ते श्वास घेत, कुठे शब्दाची शेपटी सोडून देत, सगळं तसंच. तिसऱ्या संध्याकाळी गोष्ट ओढ्यात आली. घोडे आले, वाफ आली, केसांत माती पडली. आईने बाळाच्या तोंडावर हात ठेवला. वरचा सैनिक वाकला. डोना थांबली, तिने एक श्वास घेतला, आणि मग खालच्या पट्टीत, किंचित नाकातून, शेवटी जरा उतरवत म्हणाली, “हं.”

तो बाबांचा होता. जसाच्या तसा. मी तोंडावर हात दाबून धरला, कारण माझ्या घशातून जे वर येत होतं त्याला तिथे परवानगी नव्हती. डोनाने दोन्ही हात जमिनीवर टेकले. गोष्ट संपली. कडी निघाली, पोरं पाय झाडत उठली. ती माझ्याजवळ येऊन म्हणाली, “मी ऐकली तशी सांगते. माझ्या पदरचं त्यात काही घालता येत नाही, आणि काही काढताही येत नाही.” मी नुसती तिचा दंड धरून बसले.

तिची सगळ्यांत धाकटी नात, असेल सहा-सात वर्षांची, अजून जागची हलली नव्हती. तिने आजीच्या बाहीला धरून ओढलं.

“ग्रँडमा, ते ‘हं’ सैनिकाला ऐकू गेलं?”

डोनाने तिचा हात आपल्या हातात घेतला. “माहीत नाही, बाळा,” ती म्हणाली. “मला इथपर्यंतच सांगितलंय.”